पंक बँडचं गाणं रेडिओवर हिट झालं म्हणजे बँड विकला गेला का?

लीड्सचा नाशिककर:

काल इथे इंग्लंडात गाडीचे टायर बदलायला गॅरेजात बसलो होतो आणि तिथल्या रेडिओवर चंबावांबाचं 'टबथम्पिंग' लागलं. तेच ते, पडलो तरी परत उठणार, असं सगळे मिळून ओरडतात ते. पान्हा हातात घेतलेला मेकॅनिक मधली ट्रम्पेटची ओळ शिट्टीवर वाजवायला लागला. मी विचारलं, हा बँड इथलाच ना? तर म्हणाला, हो, आमच्या लीड्सचेच, पण शेवटी पैशासाठी विकले गेले. मला ते फार लागलं, घरी येईपर्यंत डोक्यातून जाईना, म्हणून इथे लिहितोय.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. १९८२ मध्ये सुरू झालेला हा अराजकवादी पंक बँड. लीड्सच्या आर्मली भागात एका रिकाम्या पडलेल्या घरात घुसून सगळे एकत्र राहायचे, पैसा एकत्र, निर्णय एकत्र. १९८६ चा पहिला अल्बम स्वतःच्याच लेबलवर, म्हणजे स्वतःच्या रेकॉर्ड कंपनीकडून काढला आणि तोही दुष्काळग्रस्तांसाठी झालेल्या लाइव्ह एड या मोठ्या मैफलीच्या विरोधात, उपाशी पोरांचे फोटो दाखवून रेकॉर्डी खपवल्या जातात असं अल्बमच्या नावातच म्हटलेलं. कोळसा खाणकामगारांच्या १९८४-८५ च्या संपात हे त्यांच्या बाजूने उभे होते. पंधरा वर्षं छोट्या हॉलमध्ये वाजवत राहिले. आणि १९९७ च्या ऑगस्टमध्ये हे एक गाणं बाहेर पडलं ते थेट इंग्लंडात दोन नंबरला, विल स्मिथचं 'मेन इन ब्लॅक' एक नंबरवर बसलं होतं म्हणून एक हुकला. अमेरिकेत हॉट हंड्रेड या गाण्यांच्या यादीत सहावा नंबर, मॉडर्न रॉकच्या यादीत पहिला, आणि अल्बम एकट्या अमेरिकेत तीस लाखांच्या घरात गेला.

माझं म्हणणं एवढंच की ते विकले गेले नाहीत. रेडिओने त्यांना दार उघडून दिलं आणि ते आत शिरून जे आधी बोलत होते तेच बोलत राहिले. गाण्याचं नावच बघा ना, टबथम्पिंग म्हणजे चौकात उभं राहून पिंप बडवत केलेलं भाषण. तुम्हाला काय वाटतं?

तीनकॉर्ड:

नाशिककर, तुमच्या भावना पोचल्या पण मी त्या मेकॅनिकच्या बाजूने आहे. तुम्ही सगळं सांगितलंत आणि मुख्य गोष्ट गाळलीत, ती म्हणजे ईएमआय. (हप्तावाला नाही, रेकॉर्ड कंपनी.) १९८९ मध्ये याच कंपनीला नावातच शिवी घातलेलं एक संकलन निघालं होतं, त्यात चंबावांबाचं गाणं आहे. तेव्हा ती थॉर्न ईएमआय होती, शस्त्रांच्या धंद्यातली कंपनी, म्हणून पंकवाले तिच्यावर तुटून पडायचे. आणि आठ वर्षांनी टबथम्पिंग कुणाच्या लेबलवर आलं? त्याच ईएमआयच्या. ज्या पोरांनी यांच्या शब्दावर विश्वास ठेवून मोठ्या लेबलांची रेकॉर्ड घ्यायची नाही असं ठरवलं होतं त्यांना काय वाटलं असेल याचा विचार करा. १९९८ मध्ये इतर पंक बँडांनी मिळून खास चंबावांबाविरुद्ध एक रेकॉर्ड काढली, घरच्याच लोकांनी. ते सगळे वेडे होते का?

हे मी गंमत म्हणून लिहीत नाहीये. आमचा बँड पुण्यात वाजवतो. एका कॉलेज फेस्टला आम्हाला सांगितलं की टँकरच्या पाण्यावरचं गाणं सोडून बाकीचं वाजवा, स्पॉन्सरला चालणार नाही. आम्ही सामान परत टेम्पोत भरलं. ड्रमरने त्या दिवशी टेम्पोचं भाडं उसनं आणलं होतं, ते आम्ही दोन महिने फेडत होतो. तेव्हा "आत शिरून बोलू" हा पर्याय आम्हालाही होताच. घेतला नाही.

रेडिओवाली:

मी बरीच वर्षं एफएममध्ये काढली, आधी आरजे म्हणून, मग प्लेलिस्ट बघायला. विकले गेले की नाही त्यात मी नंतर येते, आधी हे गाणं रेडिओवर का चाललं ते सांगते, कारण लोकांना वाटतं कंपनीने पैसा ओतला आणि झालं. पैसा ओतूनही आपटलेली गाणी मी ढिगाने बघितलीत.

हे गाणं हुकनेच, म्हणजे डोक्यात बसणाऱ्या ओळीनेच सुरू होतं. बहुतेक रॉक गाण्यांत आधी गिटार, मग कडवं, मग एक मिनिटाने तो मुखडा येतो आणि तोपर्यंत गाडीतल्या माणसाने स्टेशन बदललेलं असतं. इथे पहिल्या काही सेकंदांत अख्खी टोळी गळा काढते, आणि तेही असं की कुणालाही म्हणता यावं, सूर लागायची गरजच नाही. मग बाईचा एकदम गोड, थकलेला आवाज, मग दारूच्या नावांची ती यादी, व्हिस्की, व्होडका, लागर, सायडर, ती दुसऱ्यांदा ऐकताना पाठ होते. मधे ट्रम्पेट, ते जेरेमाया क्लार्क या जुन्या संगीतकाराच्या मार्चमधलं, इंग्लंडात लग्नात वाजतं तेच. खाली डान्सचा ठेका. म्हणजे रॉक स्टेशनला चालतं, पॉपला चालतं, मॅचच्या आधी चालतं, बारमध्ये चालतं. असं चारही दारांतून आत येणारं गाणं प्लेलिस्टवाल्याला वर्षातून एखादं मिळतं.

पण एक गोष्ट आहे जी मला स्वतःला खुपते. अल्बमवरच्या पूर्ण गाण्याच्या सुरुवातीला एक बोलणं आहे. 'ब्रास्ड ऑफ' नावाच्या १९९६ च्या सिनेमातलं, पीट पोस्टलथ्वेट या नटाच्या आवाजातलं. खाण बंद पडतेय, तिथल्या कामगारांच्या बँडचा म्हातारा मास्तर स्टेजवर उभा राहून म्हणतो की मला वाटायचं संगीत महत्त्वाचं आहे, पण माणसांपुढे ते काहीच नाही. ते झालं की गाणं सुरू होतं. आणि रेडिओसाठी जी छोटी आवृत्ती केली त्यात हे बोलणं नाही. म्हणजे गाणं कशासाठी आहे ते सांगणाऱ्या ओळी गेल्या आणि "मी परत उठेन" एवढंच जगभर वाजलं.

मॅचपुरता:

मला यातलं काहीच माहीत नव्हतं, आत्ता वाचतोय. मी शाळेत असताना केबलवर म्युझिक चॅनलला हे लागायचं, बँडचं नाव मला कितीतरी वर्षं धड म्हणता येत नव्हतं. पण बारावीला माझा एक विषय राहिला तेव्हा मित्राने कॅसेटवर रेकॉर्ड करून दिलं होतं आणि मी ऑक्टोबरची परीक्षा होईपर्यंत रोज रात्री गच्चीवर वॉकमनवर ऐकायचो. शब्दांतला अर्धा भाग कळायचा नाही. पण पडलो तरी उठायचं हे कळत होतं ना. आता तुम्ही म्हणणार त्यात खाणकामगार होते, संप होता, ठीक आहे, पण मला ज्याची गरज होती ते मला मिळालं. गाणं एकदा बाहेर पडलं की ते ऐकणाऱ्याचं होतं, बँडने कुणाच्या कागदावर सही केली यावर ते ठरत नाही.

तीनकॉर्ड:

@मॅचपुरता, तुझ्या त्या गच्चीवरच्या रात्री कुणी हिरावून घेत नाहीये, खरंच. पण "ऐकणाऱ्याचं होतं" म्हणताना ऐकणारा कोण कोण आहे ते बघ. २०११ मध्ये नायजेल फराजच्या युकिप या ब्रिटनमधल्या उजव्या पक्षाने आपल्या अधिवेशनात हेच गाणं वाजवलं. २०२४ मध्ये न्यूझीलंडचे तेव्हाचे उपपंतप्रधान विन्स्टन पीटर्स यांनी सभेत वाजवलं. दोन्ही वेळा बँडने जाहीर विरोध केला, पण विरोध करायची वेळ का आली? रेडिओवालीने सांगितलं तेच कारण. माणसांबद्दलचं बोलणं कापून टाकलं, फक्त जोश ठेवला, आणि नुसता जोश कुणाच्याही खिशात बसतो.

लीड्सचा नाशिककर:

ईएमआयचं गाळलं ही माझी चूक, मान्य. पण मग पूर्ण सांगू या. १९९६ मध्ये थॉर्न आणि ईएमआय वेगळ्या झाल्या, म्हणजे बँडने सही केली तेव्हा तो शस्त्रांचा धागा तुटला होता. शिवाय बँडचं उघड म्हणणं होतं की आमचं आधीचं छोटं लेबलही नफ्यासाठीच चालत होतं, फक्त त्याचं नाव बदनाम नव्हतं. तुम्हाला पटो न पटो, पण त्यांनी लपवलं नाही.

आणि नंतर काय केलं ते बघा. नाइकीने १९९८ च्या वर्ल्ड कपच्या जाहिरातीसाठी टबथम्पिंग मागितलं, पंधरा लाख डॉलर, यांनी नाही म्हटलं. बँडमधली अॅलिस नटर अमेरिकन टीव्हीवर बसून म्हणाली की परवडत नसेल तर आमचा अल्बम मोठ्या दुकानांतून उचलून न्या, तेव्हा व्हर्जिनच्या दुकानांनी तो शेल्फवरून काढून काउंटरमागे ठेवला. २००२ मध्ये जनरल मोटर्सने त्यांचं दुसरं एक गाणं पाँटिअॅक गाडीच्या जाहिरातीला घेतलं, त्याचे लाखभर डॉलर यांनी बड्या कंपन्यांवर नजर ठेवणाऱ्या इंडीमीडिया आणि कॉर्पवॉच या गटांना देऊन टाकले, म्हणजे जनरल मोटर्सच्याच पैशाने जनरल मोटर्सविरुद्ध काम. विकला गेलेला माणूस असं वागतो?

तीनकॉर्ड:

गाडीची जाहिरात तर लागलीच ना टीव्हीवर! किती कोटी लोकांनी बघितली असेल ती, आणि ते पैसे कुठे गेले हे त्यातल्या किती जणांना कळलं? पैसे चांगल्या कामाला दिले म्हणून गाणं गाडी विकायला वापरलं गेलं हे पुसलं जात नाही. नाइकीचं मात्र मला माहीत नव्हतं. पंधरा लाख डॉलर सोडणं सोपं नाही, त्याबद्दल मानतो.

गिरणगाव_७:

बराच वेळ वाचत होतो, राहवलं नाही म्हणून लिहितो. तुम्ही सगळे कंपन्या आणि डॉलरवर भांडताय, गोदी कामगारांचं कुणी काढलं नाही.

१९९५ मध्ये लिव्हरपूलच्या गोदीत संप करणाऱ्या पोरांनी गेटवर लावलेली रांग ओलांडून कामावर जायला कामगारांनी नकार दिला, म्हणून सुमारे पाचशे जणांना काढून टाकलं. सव्वादोन वर्षं ते लढले. त्यांच्याच मजूर पक्षाचं सरकार १९९७ ला आलं आणि त्या सरकारनेही हात वर केले. फेब्रुवारी १९९८ मध्ये ब्रिट अवॉर्ड्स या संगीत पुरस्कारांच्या सोहळ्यात चंबावांबाने टबथम्पिंगच गायलं, पण शब्द बदलून, मजूर पक्षाने गोदी कामगारांना विकलं, उद्या तुम्हालाही विकतील असं त्यात घातलं. आणि मग त्यांच्यातल्या डॅनबर्ट नोबेकनने समोर टेबलावर बसलेल्या उपपंतप्रधान जॉन प्रेस्कॉट यांच्या अंगावर बर्फाच्या पाण्याची बादली ओतली. हिट गाणं नसतं तर या लोकांना त्या हॉलच्या गेटवरून तरी आत सोडलं असतं का?

आता खरं तेही सांगतो, लढा त्याच्या काही दिवस आधीच, जानेवारीच्या शेवटी संपला होता. कामगार दमले होते, तडजोड झाली होती. त्या बादलीने एकाचीही नोकरी परत आली नाही. त्यामुळे तो मोठा विजय वगैरे मी म्हणत नाही. पण हरल्यानंतर कुणीतरी तुमचं नाव मोठ्याने घेणं याची किंमत मला माहीत आहे.

माझे बाबा गिरणीत होते. १८ जानेवारी १९८२ चा संप, अडीच लाख कामगार, हा बँडही त्याच वर्षातला. गेटवर डफ घेऊन पोरं गायची, बाबा त्यात मागे कोरसला असायचे. त्या गाण्यांतलं एकही आमच्या घरी रेकॉर्ड केलेलं नाही. बाबांना एकाच्या चार ओळी आठवतात, पाचवीला अडकतात, मग खिडकीच्या गजावर बोटांनी ठेका धरून परत पहिलीपासून सुरू करतात, की पाचवी आपोआप येईल. येत नाही. तीनकॉर्ड, तुम्ही टेम्पोत सामान भरलंत ते मला आवडलं, तुमच्यासारखी माणसं हवीतच. पण ते टँकरवालं गाणं कुठेतरी रेकॉर्ड करून ठेवा, कुठल्याही कंपनीचं का असेना.

तीनकॉर्ड:

वाचलं. दोनदा वाचलं. ईएमआयबद्दल माझं मत तेच आहे, ते बदलणार नाही. टँकरचं गाणं रविवारी ड्रमरच्या घरी फोनवर तरी रेकॉर्ड करतो.

मॅचपुरता:

पूर्ण गाणं आत्ता पहिल्यांदा ऐकलं, ते म्हाताऱ्याचं बोलणं असलेलं. माझ्या कॅसेटवर ते कधी नव्हतंच. एवढी वर्षं मी अर्धंच गाणं ऐकत होतो म्हणायचं. तरीही गच्चीवालं माझं खरंच होतं, त्यावर मी ठाम आहे.

गिरणगाव_७:

मीही रात्री बाबांना ऐकवलं. इंग्रजी कळत नाही, म्हणून ते सुरुवातीचं बोलणं थांबवून मराठीत सांगितलं, की खाण बंद पडतेय आणि बँडचा मास्तर म्हणतोय संगीत नाही, माणसं महत्त्वाची. बाबा म्हणाले परत लाव. तीन वेळा लावलं. मग म्हणाले, हे रेडिओवाल्यांनी कापलं का? मी म्हटलं तिथे एक ताई आहेत रेडिओतल्या, त्यांना विचारतो.

रेडिओवाली:

काकांना सांगा, गाण्याआधी कुणी बोलायला लागलं की लोक स्टेशन बदलतात, म्हणून कापतात. मीसुद्धा कापलंय, कितीतरी गाण्यांचं.