कुशाक आला की आली?

अनुस्वार
एका पुरवणीसाठी गाड्यांच्या नावांवरचा इंग्रजी लेख मराठीत करतेय. स्कोडाच्या 'कुशाक'पाशी अडलं आहे. २०२१ साली ही गाडी आली तेव्हा कंपनीने सांगितलं होतं की नाव संस्कृतातल्या 'कुशक'वरून घेतलंय, अर्थ राजा किंवा सम्राट. मी लिहिलं, "कुशक म्हणजे राजा. चाकणच्या कारखान्यात तयार झालेली कुशाक..." मुद्रितशोधक बाईंनी समासात पेन्सिलीने विचारलंय, "राजा तयार झाली?" त्यांचं म्हणणं, अर्थ पुल्लिंगी आहे, तेव्हा 'झालेला कुशाक' करा. ते वाचताना माझी जीभ अडखळते. पण माझ्या बाजूने नियम म्हणून काय सांगू? जाणकारांनी मदत करावी. मजकूर शुक्रवारी द्यायचाय.

घाटावरचा
यात अडण्यासारखं काय आहे? गाडी ती, म्हणून तिचं नाव काहीही असो, ती. मारुतीपेक्षा मोठा पुरावा कुठला हवा? शेंदूर लावलेला तो मारुती आणि दारात उभी ती मारुती. १९८३ च्या डिसेंबरात पहिली ८०० रस्त्यावर आली तेव्हापासून लोक 'मारुती घेतली' म्हणतायत आणि एकाही हनुमानभक्ताने हरकत घेतल्याचं माझ्या कानावर नाही. बाईंना सांगा, ब्रह्मचाऱ्याचं जिथे चाललं नाही तिथे राजाचं काय चालणार!

तर्कटराव
घाटावरचे, मग टेम्पो 'आली' म्हणता का? ट्रक आला, टँकर आला, डंपर उलटला, मॅटॅडोर चिखलात फसला. या गाड्या नाहीत? ट्रकवालासुद्धा 'गाडी खाली करायचीय' असंच म्हणतो. माझा सिद्धांत: माल वाहतो तो 'तो', माणसं वाहते ती 'ती'. कार, जीप, बस, टॅक्सी, रिक्षा, एसटी एकीकडे. ट्रक, टेम्पो, ट्रॅक्टर दुसरीकडे. टाटांची एस २००५ मध्ये आली. नाव इंग्रजी, पण लोकांनी तिला छोटा हत्ती केलं, कारण माल वाहायचा होता. हत्तीण नाही म्हणाले.

विदर्भकन्या
तर्कटराव, नागपुरात या एकदा. आमच्याकडे ऑटो येतो, ऑटो थांबतो आणि त्यात माणसंच बसतात.

तर्कटराव
अपवादानेच नियम सिद्ध होतो.

विदर्भकन्या
अर्ध्या महाराष्ट्राला अपवाद म्हणायची पद्धत पुण्याचीच.

कोल्हापुरी_ठसका
तो नाही न् ती नाही. आमच्यात वडाप 'येतं'. भरलं की सुटतं. त्यात ट्रॅक्स असो नाहीतर कमांडर, फळीवर माणसं बसली की ते वडाप. नपुंसकलिंग. वडणे म्हणजे ओढणे. माणसं हाताला धरून आत वडतात म्हणून वडाप. आमच्या स्टँडवर उभं राहून बघा, व्युत्पत्ती डोळ्यांनी दिसते.

पाणिनीचा_पणतू
डोळ्यांनी दिसणाऱ्या व्युत्पत्त्या बहुधा खोट्या असतात. 'आप' प्रत्यय कुठून आला ते सांगा.

कोल्हापुरी_ठसका
प्रत्यय मागच्या सीटवर बसलाय, जागा नव्हती पुढं. (हलकं घ्या.)

राइनकाठी
इथे जर्मनीत या प्रश्नाचा निकाल लागलेला आहे आणि तो अनुस्वार यांच्या बाजूने आहे, फक्त उलटा. जर्मनमध्ये गाडीसाठीचा 'वागेन' हा शब्द पुल्लिंगी, म्हणून यच्चयावत मोटारी 'तो'. तो पोलो, तो गोल्फ, तो पासाट. मोटरसायकलींची नावं मात्र स्त्रीलिंगी. त्यामुळे बीएमडब्ल्यू 'तो' म्हटली की चारचाकी आणि 'ती' म्हटली की दुचाकी, वेगळं सांगावं लागत नाही.

खरी गंमत मर्सिडीजची. एमिल येलिनेक हा धनाढ्य गृहस्थ डाइम्लरच्या गाड्या विकायचा. त्याच्या मुलीचं नाव मर्सेडेस, आणि १९०१ च्या सुमाराला ते गाडीला लागलं. धडधडीत मुलीचं नाव! तरी जर्मन माणूस 'तो मर्सेडेस'च म्हणतो. नाव कुणाचं आणि त्याचा अर्थ काय, हे व्याकरण विचारत बसत नाही. बाईंना हे उदाहरण द्या.

जाता जाता: इटलीत मोटार तो की ती यावर खरोखरच वाद होता. १९२० साली दान्नुन्त्सिओ या कवीने फियाटच्या अन्येल्लींना पत्र लिहून 'ती' असा कौल दिला, आणि इटालियन भाषेत ती 'ती'च राहिली. आपल्याकडे कवीला असं कुणी विचारत नाही.

जुनी_फियाट
फियाटचं नाव निघालं म्हणून लिहितो. मुंबईत पद्मिनीला पद्मिनी कोण म्हणायचं? १९७० च्या दशकात इटालियन नाव उतरवून चितोडच्या राणीचं लावलं, गाडी कुर्ल्यात बनायची, मागे ठळक अक्षरांत नाव. पण टॅक्सीवाला, गॅरेजवाला, आमचे वडील, सगळे फियाटच म्हणत. ३० ऑक्टोबर २०२३ ला शेवटची पद्मिनी टॅक्सी बंद झाली, तेव्हा वर्तमानपत्रांनी पद्मिनी पद्मिनी म्हणून गळे काढले. ज्यांनी ती चालवली त्यांच्या तोंडी हे नाव मी फारसं ऐकलं नाही. तेव्हा कंपनी ठेवते ते बारशाचं नाव, लोक म्हणतात ते खरं. कुशाक राजा की सेनापती, याची चिंता कंपनीने करावी.

पाणिनीचा_पणतू
जुनी_फियाट, फियाट ही तोरिनोच्या इटालियन मोटार कारखान्याची आद्याक्षरं, पण लॅटिनमध्ये त्याच अक्षरांचा अर्थ 'होवो', 'घडो'. म्हणजे आपलं तथास्तु. इतकं देखणं नाव सापडलं असताना आपल्याकडे मात्र नावाच्या शेवटी इंग्रजी 'क्यू' लावला की संस्कृत झालं. कुशक म्हणे राजा! मला ठाऊक आहे तो राजा कुशिक. त्याचा मुलगा गाधी, गाधीचा विश्वामित्र, म्हणून विश्वामित्र कौशिक. 'कुश' म्हणजे दर्भ. एक वेलांटी गाळली आणि सम्राट विकायला काढला.

घाटावरचा
कुशिकाचा मुलगा गाधी. अहो मग बरोबरच आहे, 'ध'चा 'ड' केला की गाडी! धागा संपला, सगळ्यांनी घरी जा.

म्हापसेकर
संपतोय कसला, मला बोलायचंय. आमच्या गोव्यात तियागो हे पुरुषाचं नाव. सांतियागोतलं तियागो. टाटांनी २०१६ मध्ये त्या नावाची गाडी काढली. तेव्हापासून 'तियागो ओढत नाही', 'तियागो विकली', 'तियागोचं मागचं दार लागत नाही' अशी वाक्यं ऐकताना आमच्या वाड्यावरच्या तियागोचं तोंड बघण्यासारखं असतं. माणूस तो, गाडी ती, एवढाच काय तो फरक. म्हणजे लिंगामुळेच कळतं बोलणं कुणाबद्दल चाललंय. अनुस्वार, हा मुद्दा तुमच्या उपयोगाचा आहे.

त्या गाडीचं आधीचं नाव माहीतच असेल. झिका. झिपी आणि कार मिळून झिका. जाहिराती सुरू झाल्या होत्या आणि तेवढ्यात झिका विषाणूच्या बातम्या जगभर आल्या. मग लोकांकडून नावं मागवली आणि त्यातून टियागो ठरलं. 'ट' त्यांचा, 'त' आमचा.

तर्कटराव
नावामुळे गोची होण्याचे किस्से काढायचे तर शेवरलेची नोव्हा आहेच. स्पॅनिशमध्ये 'नो वा' म्हणजे चालत नाही, म्हणून दक्षिण अमेरिकेत कुणी घेतली नाही. मार्केटिंगच्या प्रत्येक वर्गात शिकवतात.

म्हापसेकर
शिकवतात, पण खोटं शिकवतात. मेक्सिको आणि व्हेनेझुएलात नोव्हा बऱ्यापैकी खपली. मेक्सिकोच्या सरकारी तेल कंपनीने तर पेट्रोललाच नोव्हा नाव दिलं होतं. शब्द जोडून म्हटला आणि तोडून म्हटला यातला फरक स्पॅनिश माणसाला कळतो हो.

खरी गोची हवी तर ह्युंदाईची कोना घ्या. कोना हा हवाई बेटांवरचा भाग. पोर्तुगीजमध्ये मात्र तसाच ऐकू येणारा शब्द इथे लिहिता येणार नाही, आमच्या जुन्या मंडळींना विचारलंत तर तुम्हालाच घराबाहेर काढतील. म्हणून पोर्तुगालमध्ये ती गाडी कवाई नावाने विकतात. हवाईतलंच दुसरं बेट. मित्सुबिशीच्या पजेरोचंही तेच. स्पॅनिश मुलखात ती माँतेरो. का, ते विचारू नका.

राइनकाठी
आणि स्कोडा? एमिल श्कोडा या कारखानदाराचं आडनाव ते. पण चेक भाषेत 'श्कोडा' म्हणजे नुकसान, किंवा 'अरेरे, वाईट झालं'. चेक लोक पिढ्यान् पिढ्या त्यावर विनोद करतात आणि तीच गाडी घेतात.

अनुस्वार
सगळं रंजक आहे, पण बाईंना पाठवायला मला दोन ओळी हव्या आहेत. जर्मन उदाहरण दिलं तर त्या म्हणतील मराठीत जर्मन नियम कशाला.

इंजिनऑइल
मराठी नियम घ्या मग. शेवटचा स्वर बघा. महिंद्राला 'ओ'चा नाद आहे. बोलेरो, स्कॉर्पिओ, झायलो, मराझो. एक्सयूव्ही ५०० ला सुद्धा 'फाइव्ह डबल ओ' म्हणायला लावलं, म्हणजे शून्यातूनही ओ काढला. सगळ्या ओकारान्त आणि सगळ्या स्त्रीलिंगी. टाटांची सुमोही त्यातच.

तर्कटराव
टेम्पो ओकारान्त आहे. विदर्भकन्या यांचा ऑटोही ओकारान्त आहे.

विदर्भकन्या
आता ऑटो आठवला होय!

इंजिनऑइल
बरं, ओकार राहू द्या. पण सुमो जरा थांबून बघण्यासारखी आहे. १९९४ मध्ये गाडी आली तेव्हा आम्ही पोरं जपानी पैलवानच समजत होतो, अंगापिंडाने शोभायचंही. नाव आहे सुमंत मूळगावकरांचं. सुमंतमधला 'सु', मूळगावकरमधला 'मो', इंग्रजी अक्षरांतला. टेल्कोचा, म्हणजे टाटांचा, ट्रक ज्यांनी उभा केला, पुण्याचा कारखाना ज्यांच्या काळात झाला, ते मूळगावकर. १९८९ मध्ये गेले. ते ढाब्यावर ट्रक ड्रायव्हरांसोबत जेवायला बसून गाडीच्या तक्रारी ऐकत, ही गोष्ट फॉरवर्ड होत फिरते, खरीखोटी ती फॉरवर्ड करणारे जाणोत. पण मुद्दा हा की भारतीय गाडीला मराठी माणसाचं नाव मिळालं आणि मराठी माणसालाच ते जपानी वाटलं. पुरुषाचं नाव, तरी 'सुमो घेतली'.

जुनी_फियाट
उलट जेसीबी बघा. जोसेफ सिरिल बॅमफर्ड या इंग्रज माणसाची आद्याक्षरं. तोही पुरुषाच्याच नावाचा, पण तो 'तो' राहिला. जेसीबी आला, जेसीबी लावला. आता दुसऱ्या कंपनीचं यंत्र आलं तरी गावात तो जेसीबीच.

कोल्हापुरी_ठसका
आमच्याकडं जेसीबी 'आली' पण म्हणतात. विहीर खणायला.

तर्कटराव
विहीर स्त्रीलिंगी म्हणून.

कोल्हापुरी_ठसका
आणि तळं खणायला आलं तर?

घाटावरचा
थार राहिली. वाळवंटाचं नाव, वाळवंट नपुंसक, गाडी ती. शेजारच्यांनी मुलाला घेऊन दिलीय. थार आल्यापासून पोरगं थाऱ्यावर नाही.

पाणिनीचा_पणतू
विनोद झाले असतील तर मूळ दुखण्याकडे येऊ या. लिंगाचा गोंधळ होतो कारण शब्दच आपला नाही. आधी 'मॉडेल' हा शब्द मराठीत काय करणार ते ठरवा, मग मॉडेलच्या नावाचं बघू. मी 'वाण' सुचवतो. बियाण्याचा वाण असतो तसा गाडीचा वाण.

विदर्भकन्या
शोरूममध्ये जाऊन सांगा, ज्वारीचं पोतं देतील.

जुनी_फियाट
'नमुना' चालेल की. पण मग 'आमच्या घरी दोन नमुने आहेत' याचा अर्थ पार्किंगमध्ये शोधायचा की दिवाणखान्यात?

पाणिनीचा_पणतू
हसा. भाषा अशीच जाते. याच स्कोडाने २०२४ मध्ये नव्या गाडीसाठी लोकांकडून नावं मागवली. अट काय, तर इंग्रजी 'के'ने सुरू आणि 'क्यू'ने शेवट, कारण कोडियाक, करोक, कामिक यांच्या रांगेत बसली पाहिजे. निवडलं 'कायलाक', आणि सांगितलं की संस्कृतात त्याचा अर्थ स्फटिक. कोशात 'केलास' आहे, त्याचा अर्थ स्फटिक, त्यावरूनच कैलास पर्वत असं मानतात. 'स'चा 'क्यू' कुठल्या सूत्राने झाला? पाणिनीला विचारून झाला असेल तर माझं म्हणणं मागे घेतो.

इंजिनऑइल
पणतू, नाव म्हणजे समास सोडवायची परीक्षा नव्हे. टिगुआन हे वाघ आणि इग्वाना यांच्या जर्मन नावांची मोडतोड आहे. अर्टिगा म्हणजे इंग्रजी 'आर' आणि इंडोनेशियन 'तिगा', तीन, म्हणजे तीन रांगा. टोयोटा तर मुळात टोयोडा, घराण्याचं नाव. जपानी लिपीत लिहायला आठ फटकारे लागतात आणि आठ हा आकडा शुभ, म्हणून टोयोटा केलं. स्वतःच्या आडनावाचं अक्षर बदलणाऱ्यांना तुम्ही 'स' आणि 'क्यू' काय विचारता?

राइनकाठी
आणि खरंखुरं भाषांतर करून ठेवलेलं नाव हवं असेल तर आउडी. आउगुस्ट होर्ख स्वतःच्या कंपनीतून बाहेर पडला आणि नव्या कंपनीला स्वतःचं आडनाव लावायला बंदी आली. 'होर्ख' म्हणजे जर्मनमध्ये 'ऐक'. भागीदाराच्या घरी लॅटिन शिकणारा मुलगा होता, त्याने 'ऐक'चं लॅटिन करून दिलं, आउडी. पणतू, हे तुम्हाला आवडेल.

पाणिनीचा_पणतू
आवडलं. संस्कृतात केलं असतं तर 'शृणु' झाली असती.

म्हापसेकर
'झाली असती' म्हणालात. बघा, तुम्हीही स्त्रीलिंगीच केलंत.

पाणिनीचा_पणतू
कंपनी स्त्रीलिंगी आहे.

जुनी_फियाट
कैलास पर्वतावरून आठवलं, कंपनीच्या पत्रकांत 'कैलाश' असतं. हिंदीतून आलं असणार.

पाणिनीचा_पणतू
मराठीत आणि संस्कृतात कैलासच. वेरूळचं लेणं कैलास. स्मशानभूमी कैलास.

घाटावरचा
आमच्या मेहुण्यांचं नाव कैलाश. आधारकार्डावर शहामृगातला 'श' आहे.

पाणिनीचा_पणतू
आधारकार्ड हा कोश नव्हे.

तर्कटराव
माणसाचं नाव तो सांगेल तसंच लिहायचं, हा नियम तुम्हीच मागच्या धाग्यात सांगितला होतात.

पाणिनीचा_पणतू
माणसाचं. पर्वताचं नाही.

अनुस्वार
शुक्रवार उद्यावर आलाय. झालेली की झालेला?

इंजिनऑइल
'चाकणच्या कारखान्यात कुशाकचं उत्पादन होतं' असं करा, उत्पादन नपुंसकलिंगी आहे.

घाटावरचा
मेहुण्यांना फोन केला. ते म्हणतात शाळेच्या दाखल्यावर 'स' होता, मास्तरांनी बदलला.

पाणिनीचा_पणतू
कुठल्या इयत्तेत?