व्ही ५९ बोर्डाचे फर्मवेअर अर्ध्यावर तुटले. आता केवळ लाल दिवा

सातपूरकर :
नमस्कार. घरच्या ३२ इंची टीव्हीचा मूळ बोर्ड जळाल्याने मी महात्मा गांधी रस्त्यावरून व्ही ५९ हा युनिव्हर्सल बोर्ड आणून बसवला. चित्र आले, पण उलटे. ते सरळ व्हावे म्हणून पेनड्राइव्हने दुसरे फर्मवेअर (बोर्ड चालवणारे सॉफ्टवेअर) घातले. ते १९२०×१०८० पिक्सेलच्या पॅनेलचे निघाले आणि माझे पॅनेल आहे १३६६×७६८ चे. चूक सुधारण्यासाठी योग्य फाइल घालत असताना नेमकी वीज गेली. तेव्हापासून लाल दिवा स्थिर आहे, रिमोटला प्रतिसाद नाही. बोर्ड वाचेल का?

पंचवटीकर :
बहुधा वाचेल. पेनड्राइव्हवरची फाइल वाचणारा प्रारंभीचा प्रोग्रॅमही फर्मवेअर साठवणाऱ्या त्याच फ्लॅश आयसीमध्ये (आठ पायांच्या मेमरी चिपमध्ये) असतो. तो शाबूत असेल तर काम पेनड्राइव्हनेच होते. पेनड्राइव्ह एफएटी ३२ मध्ये फॉरमॅट करून त्यावर ती एकच फाइल ठेवावी, तिचे नाव बदलू नये, आणि बोर्ड बंद असतानाच पेनड्राइव्ह लावून मग वीज द्यावी. बोर्डाचा दिवा लुकलुकू लागला तर तो थांबेपर्यंत कशालाही हात लावू नये. काहीच हालचाल नसेल तर आयसीच्या ४ आणि ८ क्रमांकांच्या पायांमध्ये ३.३ व्होल्ट मिळतात का, हे मीटरने पाहावे. तेच नसतील तर दोष फर्मवेअरचा नाही.

सिडकोवासी :
व्होल्टेज ठीक असेल तर सीएच ३४१ए प्रोग्रॅमर (संगणकाला जोडून आयसी वाचण्याचे व लिहिण्याचे छोटे उपकरण) वापरावा लागेल. टीव्हीचा प्लग काढून ठेवावा, आयसीवरील ठिपका म्हणजे पहिला पाय, आणि आयसीला पकडणाऱ्या क्लिपची लाल तार त्याच बाजूला यावी. पुष्कळ काळ्या प्रोग्रॅमरांमध्ये पुरवठा ३.३ व्होल्टचा असला तरी डेटाच्या तारांवर ५ व्होल्ट येतात. अनेकांचे त्यावर निभावते, मी मात्र त्या तारांवरही ३.३ व्होल्ट येतील असा बदल करून घेतल्याशिवाय तो वापरत नाही. लिहिण्यापूर्वी आयसी दोनदा वाचून दोन्ही फाइली जुळतात का ते तपासा. आयसी २५क्यू३२ क्रमांकाची असेल तर फाइल बरोबर ४१,९४,३०४ बाइटची हवी. लिहायची फाइलही तेवढीच, म्हणजे संपूर्ण डंप (आयसीतील सगळ्या मजकुराची प्रत) असावी.

आणखी एक. उलट्या चित्रासाठी फर्मवेअर बदलण्याची बहुधा गरजच नव्हती. अशा बऱ्याच बोर्डांत मेनू दाबून ११४७ टाकले की फॅक्टरी मेनू उघडतो आणि त्यात मिररचा पर्याय असतो. मला खरी धास्ती आहे ती पॅनेल व्होल्टेजच्या जंपरची (पॅनेलला किती व्होल्ट द्यायचे ते ठरवणाऱ्या बोर्डावरील छोट्या जोडणीची) : ५ व्होल्टच्या पॅनेलला १२ व्होल्ट गेले तर कोणतेही फर्मवेअर ते परत आणणार नाही. पॅनेलच्या मागील लेबलवरचा क्रमांक पाहून त्याची डेटाशीट (उत्पादकाचे तांत्रिक माहितीपत्रक) एकदा वाचाच.

सातपूरकर :
दोघांचेही आभार. पेनड्राइव्हने काही झाले नाही, ३.३ व्होल्ट मिळत होते. क्लिप लावून आयसी ओळखलीच जाईना, कारण बोर्डाचा प्रोसेसरही तोच पुरवठा ओढत असावा. शेवटी आयसी सोल्डर काढून वेगळी केली, तेव्हा दोन्ही वाचने जुळली. १३६६×७६८ चा डंप लिहून पडताळला आणि चित्र आले, अर्थात पुन्हा उलटेच. ते ११४७ मधून सरळ झाले. चेहऱ्यांवर रंगांचे विचित्र डाग दिसत होते, तेही त्याच मेनूत एलव्हीडीएस मॅप (बोर्डाकडून पॅनेलला जाणाऱ्या चित्राच्या सिग्नलची मांडणी) बदलताच गेले. जंपर ५ व्होल्टवर आहे आणि डेटाशीटमध्येही तेवढेच लिहिले आहे.