रॉबबरोबर तुम्ही काय काय केलंत? सोलापूरकरांनो, सांगा

परवा लेकीला यूट्यूबवर रॉब दिसला आणि तिच्याआधी मीच ओरडले. पोगो या मुलांच्या चॅनेलवर २००५ साली ‘एम.ए.डी.’ सुरू झालं, म्युझिक, आर्ट, डान्स. त्यात वस्तू करायला शिकवायचा तो हारून रॉबर्ट, पण आपल्याला तो रॉबच. नुसतं बघत बसायचा कार्यक्रम नव्हता तो. कात्री-पुठ्ठा घेऊनच टीव्हीसमोर बसायचं. मी आइस्क्रीमच्या काड्यांचं पेन ठेवायचं घर केलं होतं. माहेरच्या टेबलावर अजून आहे. तुमचं काय?

*

आमचं घर साखर पेठेत, खाली चार माग, वर आम्ही. रॉब कागदाची सुरळी करायला सांगायचा, आमच्याकडं सुताचे रिकामे कोन पोत्यानं पडलेले. नाना चांगले कोन देत नसत, ते परत द्यावे लागायचे. चेपलेले मात्र सगळे माझे. त्यांची रॉकेटं केली, जोकर केले, चादरीच्या दश्या कापून जोकरांना केस लावले. रंगीत सूत विकत आणावं लागतं हे मला कॉलेजात गेल्यावर कळलं.

अव्वाला, म्हणजे आजीला, तेलुगूशिवाय काही येत नव्हतं. रॉब काय बोलतो ते तिला कळायचं नाही, पण हात बरोबर कळायचे. एकदा तो कागदाचं फूल करत होता. माझ्या पाकळ्या सुटत होत्या. अव्वानं विड्यांचं सूप बाजूला ठेवलं, कागद घेतला आणि माझ्याआधी फूल करून दिलं. आयुष्यभर विड्या वळलेली बोटं ती. त्या दिवसानंतर ती रोज विचारायची, “तो पोरगा आला का?” अव्वा गेली त्याला सहा वर्षं झाली. आज रॉबचं नाव वाचलं आणि आधी तीच आठवली.

*

वरचं वाचून गलबललं. आमच्याकडं फेव्हिकॉल पुरवून वापरायचा असायचा, म्हणून आई मैद्याची खळ करून द्यायची. दोन दिवसांत मुंग्या लागायच्या.

*

तेव्हाचं भारनियमन आठवतंय ना? ऐन चिकटवायच्या वेळी लाइट जायची. पुढचं काय असेल ते मी आणि शेजारचा दादा जिन्यात बसून ठरवायचो. एकदा रॉब बहुतेक घुबड करत होता, आमचा नंदीध्वज झाला, सिद्धेश्वर यात्रेतली ती उंच सजवलेली काठी. यात्रेतला पांढरा पोशाख, बाराबंदी, घातलेला माणूसपण केला त्याच्याखाली. तो आम्ही गड्ड्याच्या, म्हणजे त्याच यात्रेच्या, दिवसांत दारात लावला, येणारे-जाणारे थांबून बघायचे.

*

मी आता जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. वर्गात पुठ्ठा कापायला घेतला की आधी माझा करून दाखवते, मग पोरांबरोबर पुन्हा पहिल्यापासून करते. ही रीत रॉबची. साखर पेठवाले, चेपलेले कोन अजून मिळतात का तुमच्याकडं? माझ्या वर्गात एकतीस पोरं आहेत.