मदत हवी आहे: मराठी सबटायटलमध्ये दोन भाषांतला फरक कसा दाखवायचा?

वडगावातल्या आमच्या महिला मंडळात गुरिंदर चढ्ढांचा 'भाजी ऑन द बीच' (1993) दाखवायचा आहे. बर्मिंगहॅमहून एका दिवसाच्या सहलीला ब्लॅकपूलला निघालेल्या भारतीय वंशाच्या बायकांची गोष्ट. मराठी सबटायटल मीच करतेय. परवानगीचं वेगळं चाललंय, ते इथे विचारत नाही.

अडलंय ते असं. पोरी इंग्रजीत बोलतात, मोठ्या बायका मधेच पंजाबी-हिंदीत शिरतात. सिनेमाची अर्धी गंमत (आणि अर्धं भांडण) त्यातच आहे. सगळं एकसारख्या मराठीत लिहिलं की ते सपाट होतं.

तिरपी अक्षरं करून पाहिली, भिंतीवर मात्रा पुसट झाल्या. पिवळा रंग लॅपटॉपवर दिसतो, पण हॉलमधल्या टीव्हीवर पेन ड्राइव्ह लावला की सगळं पांढरं. मग मोठ्या बायकांना आपली बेळगावी बोली दिली, 'काय गे, वट्ट ऐकत नाहीस बघ' अशी. चाचणीला पाचजणी बसल्या होत्या, त्या नको तिथे हसल्या. एक मावशी म्हणाल्या, "ही आमच्या गल्लीतली कधी झाली गे?"

दोनच ओळी बसतात. शिवाय बऱ्याचजणी कन्नड शाळेत शिकलेल्या. मराठी घरची, पण देवनागरी सावकाश वाचतात. त्यामुळे कंसात 'पंजाबीत' लिहायला जागा नाही आणि वेळही नाही.

पंजाबी-हिंदी वाक्यं तशीच ऐकू द्यावीत आणि फक्त इंग्रजीचंच सबटायटल द्यावं, असं आता वाटतंय. हिंदी सगळ्यांना कळतं, पंजाबीचं काय? असं कुणी करून पाहिलंय का, आणि बायकांना कितपत समजलं?