लॉर्ड कॉक्रन: राजकारणाचा बळी की शेअरबाजारातला भामटा?

उलटतपासणी
रणात मर्दुमकी गाजवलेला माणूस पैशाच्या भानगडीत सापडला की आपण लगेच म्हणतो, 'त्याला कुणीतरी गोवलं असणार.' ब्रिटिश नौदलातल्या टॉमस कॉक्रनबद्दल दोनशे वर्षं हेच चाललंय. माझं मत: शिक्षा जास्त झाली असेल, पण १८१४ मध्ये शेअरबाजारातल्या फसवणुकीबद्दल त्याला दोषी ठरवणारा निकाल चुकला नव्हता.

ज्यांना प्रकरण माहीत नाही त्यांच्यासाठी. कॉक्रन हा डंडोनल्डच्या नवव्या अर्लचा मुलगा. बापाने कोळशापासून डांबर काढण्यासारख्या प्रयोगांत घराण्याची इस्टेट फुंकून टाकलेली. पोराने कमावलं ते समुद्रावर, पकडलेल्या जहाजांच्या लुटीतल्या हिश्श्यातून. ६ मे १८०१ ला 'स्पीडी' या १४ तोफांच्या चिमुकल्या जहाजावरून ५४ माणसांनिशी त्याने ३२ तोफा आणि ३१९ माणसं असलेली स्पॅनिश 'एल गामो' जिंकली. थेट तिला जाऊन चिकटला, त्यामुळे तिचे गोळे डोक्यावरून निघून गेले. पुढे खासदार झाला, नौदलातली लाचखोरी चव्हाट्यावर मांडू लागला आणि १८०९ मध्ये फ्रेंच आरमाराशी झालेल्या बास्क रोड्सच्या लढाईनंतर आपल्याच ॲडमिरलशी, लॉर्ड गॅम्बियरशी, उघड वैर घेऊन बसला.

आता २१ फेब्रुवारी १८१४. उजाडायच्या आत डोव्हर बंदरातल्या एका खानावळीत लाल लष्करी गणवेशातला माणूस येतो. नाव सांगतो कर्नल द्यु बूर आणि बातमी देतो की रशियाच्या कोसॅक घोडेस्वारांनी नेपोलियनला ठार मारलं. बातमी लंडनला पोचते, आता युद्ध संपणार या आशेने सरकारी कर्जरोख्यांचा भाव चढतो. दुपारपर्यंत तो उतरू लागतो, तेवढ्यात फ्रेंच अधिकाऱ्यांच्या वेशातले तिघे घोडागाडीतून पत्रकं उधळत शहरातून फिरतात आणि भाव पुन्हा उसळी घेतो. संध्याकाळी कळतं की सगळी थाप. स्टॉक एक्स्चेंजच्या समितीने वह्या तपासल्या. त्या दिवशी ज्यांनी भरमसाट विकलं त्यांत तीन नावं होती: कॉक्रन, त्याचा काका कॉक्रन-जॉनस्टन आणि दोघांचा सल्लागार बट. आणि तो 'कर्नल' म्हणजे द बेरेंजे नावाचा कर्जबाजारी प्रशियन. डोव्हरहून लंडनला आल्यावर तो थेट कॉक्रनच्या घरी उतरला. योगायोग?

खलाशी
पूर्ण असहमत. तुम्ही फिर्यादीच्या वकिलाचं भाषण छापलंत, बचाव मात्र गाळलात.

एक तर द बेरेंजेचं नाव समितीला कळलं ते कॉक्रनच्याच प्रतिज्ञापत्रातून. चोर आपल्या साथीदाराचं नाव स्वतःहून लिहून देतो का? दुसरं, त्याने दलालाला आधीच सांगून ठेवलं होतं की भाव एक टक्का वाढला की विकून टाक. त्या सकाळी तसंच झालं आणि त्याला मिळाले जेमतेम अडीच हजार पौंड. कट ठाऊक असता तर थांबला नसता? भाव नंतर आणखी चढला होता.

सकाळी तो कुठे होता तेही सांगा की. आपल्या नव्या दिव्याच्या कामासाठी कारखान्यात. घरी कुणी लष्करी माणूस आलाय अशी चिठ्ठी आली, त्याला वाटलं स्पेनमधल्या आजारी भावाची खबर असेल, म्हणून धावत परतला.

उलटतपासणी
ठीक, मग कोटाबद्दल बोलू. सगळा खटला त्यावर अडलेला आहे.

डोव्हरच्या माणसाचा कोट लाल होता, साक्षीदारांची रांग होती. कॉक्रनने ११ मार्चला शपथेवर लिहून दिलं की द बेरेंजे माझ्याकडे आला तेव्हा हिरव्या गणवेशात होता. त्याला घरापाशी सोडणारा गाडीवान कोर्टात म्हणाला, लाल. पुढे तो लाल कोट थेम्सच्या तळातून कापून-फाडून टाकलेला वर निघाला. द बेरेंजे कॉक्रनच्या घरातून बाहेर पडला तो कॉक्रनचाच काळा कोट आणि हॅट घालून, हे कॉक्रनलाही मान्य. हिरवा गणवेश घालून भर दिवसा रस्त्यावर जायला कुणाला लाज वाटते? कोट बदलायची वेळ लाल असेल तरच येते. माझ्यासाठी केस इथे संपते.

जुना हिशेबनीस
कोटात मी पडत नाही, आकड्यांचं बोलतो. त्या सकाळी कॉक्रनच्या नावावर १,३९,००० पौंडांचे रोखे होते. एवढी रक्कम त्याच्याकडे रोख नव्हती. वायद्यावर घेतलेले, भाव फिरला असता तर फरक भरता भरता नाकी नऊ आले असते. नफा थोडा झाला म्हणून हेतू नव्हता, हा युक्तिवाद मला कधीच पटत नाही. असा माणूस कधी कधी नफ्यासाठी नाही, अडकलेल्या सौद्यातून सुटण्यासाठी खोटं बोलतो.

तरीपण खलाशींना एक देतो: ते एक टक्क्याचं सांगणं आधीचं होतं हे दलालाने साक्षीत सांगितलं. त्यामुळे काकाने पुतण्याच्या घराचा उपयोग करून घेतला ही शक्यता मला उडवून लावता येत नाही. काकाची बाजी मोठी होती आणि पळालाही तोच.

दुर्बीण
शिक्षा वाचून हादरलो. वर्षभर कैद, हजार पौंड दंड आणि वर रॉयल एक्स्चेंजसमोर तासभर खोड्यात उभं राहायचं! (ते शेवटचं नंतर माफ झालं.) शिवाय नौदलातून नाव काढलं, संसदेतून हाकललं, ऑर्डर ऑफ द बाथ या शाही सन्मानाचा त्याचा ध्वज वेस्टमिन्स्टर ॲबीतून उतरवून पायऱ्यांवरून लाथाडला. ध्वजाला लाथ मारून काय मिळवलं देव जाणे. हे सूडच वाटतं.

खलाशी
@दुर्बीण, सूडच होता. खटला कसा चालला तेही बघा. ८ जूनला सकाळी सुरू झाला, फिर्यादीचे साक्षीदार रात्री दहाच्या सुमारास संपले. न्यायाधीश लॉर्ड एलनबरोने बचावाच्या वकिलाला तेव्हाच, पेंगुळलेल्या ज्युरीसमोर उभं केलं. कोर्ट उठलं पहाटे तीनला. त्या काळी आरोपीला स्वतःची साक्ष देता येत नसे, आणि कॉक्रनचा बचाव काका आणि बट यांच्याशी एकत्र बांधलेला. फेरखटल्याचा अर्ज केला तर नियम असा, की सगळे आरोपी हजर हवेत. काका तर फरार! म्हणजे खरा गुन्हेगार पळाला म्हणून उरलेल्याचं तोंड बंद.

त्याच्या वेस्टमिन्स्टर मतदारसंघातल्या मतदारांना काय वाटलं? संसदेतून हाकलल्यावर जुलैमध्येच त्यांनी त्याला बिनविरोध पुन्हा निवडून दिलं.

उलटतपासणी
मतदार सरकारवर चिडलेले होते, त्यांनी काही कोटाचा रंग तपासला नाही. आणि खटला सरकारने नव्हे, स्टॉक एक्स्चेंजच्या समितीने उभा केला होता. नौदल खात्याला कॉक्रन डोळ्यांत खुपत होता, मान्य. पण खुपणारा माणूस दोषी असू शकत नाही असा काही नियम आहे का?

खटल्याची घाई अन्यायकारक होती हेही मान्य. ती शिक्षेविरुद्धची तक्रार झाली. तेवढ्याने लाल कोट हिरवा होत नाही.

भरती-ओहोटी
त्याचं पुढचं आयुष्य दोन्ही बाजूंनी वापरता येतं. १८१८ मध्ये चिलीला गेला, १८२० मध्ये स्पॅनिशांकडून वाल्दिव्हिया हे ठाणं घेतलं, पेरूतल्या काल्याओच्या बंदरातून 'एस्मेराल्दा' ही स्पॅनिश युद्धनौका पळवली. चिलीचं नौदल आजही आपल्या जहाजांना त्याचं नाव देतं. पण पैशावरून भांडण झालं नाही असा एकही मालक त्याला भेटला नाही. पगार थकला म्हणून पेरूतल्या सान मार्तिनच्या सरकारचा खजिना त्याने जहाजावरून परस्पर उचलला, पुढे ब्राझीलमध्येही तेच रडगाणं. मी त्याला भामटा म्हणणार नाही, पण पैशाच्या बाबतीत भाबडा होता असं कुणी सांगू नये.

आणि १८३२ मध्ये त्याला मिळाली ती माफी. निर्दोष ठरवणारा निकाल नव्हे.

खलाशी
निकाल मिळणार कुठून? फौजदारी अपिलाचं कोर्ट इंग्लंडमध्ये १९०७ च्या कायद्याने आलं. तोवर माफी हाच एक रस्ता होता. ती मिळाल्यावर त्याचा हुद्दा परत दिला, १८४७ मध्ये बाथचा मानही. १८६० मध्ये वारला तेव्हा ॲबीत पुरला, आणि तो लाथाडलेला ध्वज दफनाच्या आदल्या दिवशी राणीच्या हुकमाने परत लावला. खात्री नसलेल्या माणसासाठी एवढं करतात?

उलटतपासणी
म्हाताऱ्या ॲडमिरलसाठी करतात. तोवर एलनबरो मरून चाळीसेक वर्षं झाली होती, कुणालाच काही मोजावं लागत नव्हतं. मला एवढंच सांगा, कॉक्रनच्या घरात शिरताना द बेरेंजेचा कोट हिरवा होता हे घरातल्या नोकरांशिवाय आणखी कुणी पाहिलं?

खलाशी
आणि आत तो लाल होता हे तुमच्या गाडीवानाने पाहिलं का? त्याने माणूस दारात सोडला आणि गाडी हाकली.