लिचेसवरील आपल्या खेळाची आकडेवारी कशी वाचावी?

प्रश्न (मालवण): लिचेस या ऑनलाइन बुद्धिबळाच्या संकेतस्थळावर ब्लिट्झ (काही मिनिटांचे झटपट डाव) खेळताना माझ्या रेटिंगपुढे, म्हणजे खेळाची ताकद दाखवणाऱ्या आकड्यापुढे, प्रश्नचिन्ह दिसते, शिवाय पावसात वीज गेली की डाव हातचा जातो. मग प्रगती कशावरून मोजावी?

उत्तर (रत्नागिरी): तेथील रेटिंग ग्लिको-२ या गणिती पद्धतीचे असून ते १५०० पासून सुरू होते, आणि त्याचे विचलन (त्या आकड्यातील अनिश्चितता) ११० पेक्षा अधिक असेपर्यंत ते तात्पुरते मानून प्रश्नचिन्ह दाखवले जाते. नियमित खेळत राहा.

उत्तर (देवगड): केवळ रेटिंगवर विसंबू नका, असे आग्रहाने सांगावेसे वाटते. लिचेसवरील ‘चेस इनसाइट्स’ या आकडेवारीच्या सोयीमध्ये ओपनिंग (डावाच्या सुरुवातीच्या चाली) आणि मोहऱ्यांचा रंग यांनुसार निकाल वेगळे पाहता येतात, काळ्या मोहऱ्यांनी सतत हरत असाल, तर अभ्यास तेथूनच सुरू करावा. सर्व डाव पीजीएन (डावातील चाली नोंदवणारी मजकूर-फाइल) स्वरूपात उतरवूनही घेता येतात.

प्रश्नकर्ता: आभार. वीज गेल्याने गमावलेले डाव वगळूनच ओपनिंगचा हिशेब मांडतो.