ऑफलाइन दिसून खेळणं ही मित्राची फसवणूक आहे का?

निवांत:

गेल्या महिन्यातली गोष्ट. एका बांधकामाच्या गेममध्ये मी दोन महिने एक दीपगृह बांधत होतो, एकट्याने. त्या रात्री शेवटच्या मजल्याचा जिना जुळवत होतो. किती पायऱ्यांनी वळण घ्यायचं याचा हिशोब डोक्यात होता आणि हेडफोनमध्ये फक्त गेममधला पाऊस. तेवढ्यात कोपऱ्यात पट्टी झळकली, अमुक तुमच्या जगात आला आहे. ना विचारलं, ना कळवलं. त्याचा माईक चालू, मागे कुणाचा तरी टीव्ही चालू. "काय रे, एकटाच बसलायस?" म्हणाला आणि मदत करायची म्हणून पायथ्याशी खणायला लागला. पूर्वेकडची भिंत खाली आली.

तो वैरी नाही, जुना मित्र आहे. म्हणून तेव्हा काही बोललो नाही. दुसऱ्या दिवसापासून ऑफलाइन दिसायला लागलो, म्हणजे खेळत असूनही मित्रांच्या यादीत मी नाही असं दाखवायला लागलो. पंधरा दिवसांनी त्याने माझी प्रोफाइल उघडली आणि गेममधल्या कामगिरीसाठी मिळालेल्या नव्या ट्रॉफीवरची तारीख-वेळ बघितली. मेसेज आला, "माझ्यापासून लपतोस?"

तेव्हापासून मन खात आहे. तरी माझं मत बदललेलं नाही. फ्रेंडलिस्टमध्ये घेणं म्हणजे ओळख ठेवणं. केव्हाही आत शिरायचा परवाना मी कुणाला दिलेला नाही. ऑनलाइन असल्याचा हिरवा ठिपका मी लावत नाही, तो गेमच लावतो. जो ठिपका मी लावलाच नाही तो मी विझवला, तर त्यात फसवणूक कुठे आली?

चौथा गडी:

भिंत पडल्याचा राग पूर्ण समजतो. लपणं समजत नाही.

आम्ही चौघं सहा वर्षं एकत्र खेळत होतो. त्यातला एक असाच दिसेनासा झाला. आम्हाला वाटायचं, कामात असेल, येईल. तिघं अर्धा-अर्धा तास लॉबीत, म्हणजे खेळ सुरू होण्याआधी जमायच्या जागेत, थांबायचो, चौथ्याची जागा मोकळी ठेवून. नंतर कळलं की तो त्याच वेळी दुसऱ्या गेममध्ये असायचा. तो आमच्यात खेळत नाही याचं वाईट वाटलं नाही. वाट बघत बसवलं याचं वाटलं. "आज एकटा खेळतोय" एवढं टाइप करायला किती वेळ लागतो?

दार लावून घेणं वेगळं आणि घरात कुणी नाही असं भासवणं वेगळं. तुम्ही दुसरं केलंत.

निवांत:

टाइप करायला वेळ लागत नाही, त्यानंतर लागतो. "आज एकटा" म्हटलं की "का रे, काय झालं?" येतं. मग "रागावलास का?" मग "पंधराच मिनिटं ये." प्रत्येकाला वेगळं उत्तर, आणि तोवर माझा तासभर संपलेला. दिवसभर लोकांशीच बोलायचं काम आहे माझं. रात्रीचा तो एक तास कुणाला काही समजावण्यात घालवायची ताकद उरत नाही.

तुमच्या गड्याने ठरलेल्या वेळी न येणं मलाही चूकच वाटतं. पण माझ्याकडे कुणी वाट बघत नव्हतं. काही ठरलेलंच नव्हतं.

जुना पाना:

दोघंही दोन वेगळ्या गोष्टी एकाच पिशवीत टाकताय. दिसणं आणि शिरणं. ऑफलाइन झाल्याने माणूस दिसेनासा होतो, भिंत वाचवायला त्याहून साधी सोय आहे.

माइनक्राफ्ट या बांधकामाच्या गेमच्या बेडरॉक आवृत्तीत जगाच्या सेटिंगमध्येच ठरवता येतं की फक्त बोलावलेले येतील, सगळे मित्र येतील, की मित्रांचे मित्रसुद्धा. ही तिसरी पायरी फार लोकांच्या लक्षात येत नाही. तुम्ही ज्याला ओळखतही नाही तो तुमच्या मित्राच्या यादीत आहे म्हणून येऊ शकतो. शिवाय आलेल्याला 'व्हिजिटर' ठेवलं तर तो फिरेल, बघेल, पण एक ठोकळा हलवू शकणार नाही. त्याच गेमच्या जावा आवृत्तीचा सर्व्हर चालवत असाल तर व्हाइटलिस्ट लावा, यादीत नाव नसलेला आतच येत नाही.

मला यातली सर्वात शहाणी रचना वाटते ती २०२० च्या अ‍ॅनिमल क्रॉसिंग न्यू होरायझन्स या बेट सजवायच्या गेमची. बेटाचं दार तुम्ही स्वतः उघडल्याशिवाय कुणी येत नाही. आलेला साधा मित्र असेल तर त्याला फावड्याने खणता येत नाही, कुऱ्हाडीने झाड तोडता येत नाही. त्यासाठी तुम्हाला त्याला आधी 'बेस्ट फ्रेंड' करावं लागतं. मैत्रीच्या दोन पायऱ्या त्यांनी फावड्यावरून ठरवल्या.

आणि लपण्याबद्दल. प्लेस्टेशन ४ आलं २०१३ मध्ये, त्यावर ऑफलाइन दिसायची सोय मिळाली एप्रिल २०१६ च्या अपडेटमध्ये. तोवर लोक ती मागतच होते. एवढी माणसं मागतात तेव्हा त्यांना फसवे म्हणणं मला पटत नाही. स्टीम या कॉम्प्युटर गेमच्या दुकानावर 'ऑफलाइन' आणि 'इन्व्हिजिबल' हे वेगळे आहेत, हेही सांगून ठेवतो. ऑफलाइन केलं की चॅटच बंद. इन्व्हिजिबलमध्ये तुम्ही दिसत नाही, पण कुणाला निरोप पाठवायचा तर पाठवता येतो.

दोघींची आई:

चौथा गडी, तुमचं "एक ओळ सांगून टाका" वाचून थांबले. माझ्या बारा वर्षांच्या मुलीने एका गेममध्ये अनोळखी माणसाला अ‍ॅड केलं होतं. मी विचारलं, का गं? म्हणाली, "त्याने तीनदा रिक्वेस्ट पाठवली, नाही म्हटलं असतं तर त्याला वाईट वाटलं असतं." नंतर तो रोज तिच्या पार्टीत, म्हणजे गेममधल्या तिच्या गटात, यायचा. तिला नको होता, पण हाकलायचं कसं हे तिला कळत नव्हतं. भीड भिकेची बहीण म्हणतात, ती मी त्या दिवशी डोळ्यांनी बघितली.

त्यानंतर दोघींना मी एकच शिकवलं. नको असेल तर काढून टाकायचं आणि कारण द्यायचं नाही. सभ्यतेच्या नावाखाली खुलासा द्यायची सवय लागली, की समोरच्याला त्यावर वाद घालायची सोय होते.

आणि सगळं आपल्या सेटिंगवर ढकलू नका. सेटिंग मुळात उघडी ठेवतं कोण? २०२२ च्या डिसेंबरमध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने फोर्टनाइट बनवणाऱ्या एपिक गेम्सशी ५२ कोटी डॉलरची तडजोड केली. त्यातले २७.५ कोटी मुलांच्या खाजगीपणाच्या कायद्याखालचा दंड होता. एक आरोप असा की लहान-मोठ्या मुलांसाठीसुद्धा बोलणं आणि चॅट आधीपासूनच चालू असायचं. सगळे पालक सेटिंगच्या पाचव्या पानापर्यंत जात नाहीत.

चौथा गडी:

मुलांच्या बाबतीत तुमचा शब्द न् शब्द मान्य. अनोळखी माणसाला खुलासा द्यायचा नसतोच.

मी बोलतोय ते मोठ्यांच्या, जुन्या ओळखीच्या मित्रांबद्दल. त्यांना आपण त्या अनोळखी माणसाच्या रांगेत बसवायला लागलो, तर मैत्रीत उरलं काय? निवांत म्हणतात तीन मेसेज येतात. येऊ देत. तीन मेसेज झेलण्याइतकं तरी मित्राचं देणं लागतोच ना आपण?

उशीचा कोपरा:

मी सहसा फक्त वाचते. आज लिहावंसं वाटलं.

दोन वर्षांपूर्वी पाच महिने अंथरुणात होते. मोबाइलवर एक शेतीचा गेम खेळायचे. त्या दिवसांत मी कुणालाही बोलावलं नाही, बोलावणारही नव्हते. आपण रडू आणि ते ऐकतील ही लाज होती. एक मैत्रीण रोज रात्री न विचारता माझ्या शेतात यायची. बोलायची नाही. माझ्या पिकांना पाणी घालायची, कुंपणाजवळ एक फूल ठेवायची आणि जायची. दुसऱ्या दिवशी सकाळी मी आधी ते फूल बघायचे.

तेव्हा 'फक्त बोलावलेले' हे सेटिंग मला माहीत असतं, तर मी नक्की लावलं असतं. माहीत नव्हतं हे माझं नशीब.

निवांत:

उशीचा कोपरा, तुमचं लिहिणं दोनदा वाचलं. तुमची मैत्रीण पाणी घालून जायची, माझा मित्र खणायला लागला. तरी येताना दोघांनीही विचारलं नव्हतं, हे खरंच.

काल मित्राला लिहिलं. भिंतीचं पहिल्यांदाच सांगितलं. त्याला ती पडल्याचं माहीतच नव्हतं, त्याला वाटलं अर्धवट बांधलेलीच आहे. जग आता 'फक्त बोलावलेले'वर ठेवलंय, त्याला व्हिजिटर म्हणून बोलावलं. आला, वर दिव्यापर्यंत चढला, गेला. माईक बंद ठेवला होता त्याने, मी न सांगता.

पण चौथा गडी, काही रात्री मी इन्व्हिजिबल राहणारच. ते देणं मी मान्य करत नाही. हेही त्याला सांगितलंय. "बरं" म्हणाला. पटलं का, कळलं नाही.

चौथा गडी:

त्याला आधी सांगितलंत, मग माझी तक्रार निम्मी गेली. उरलेली निम्मी राहू दे, मला अजूनही रिकामा ठिपका बघवत नाही.

जुना पाना, आमच्या सर्व्हरला रात्री व्हाइटलिस्ट लावतोय. चार नावं घालणार आहे, त्या न येणाऱ्याचंही.